तळघरातील ओल: एका घरगुती यंत्राचा पूर्वेतिहास

अमेरिकेच्या ईशान्य भागात आणि महासरोवरांच्या भोवतालच्या राज्यांत मे ते सप्टेंबर या काळात असंख्य घरांच्या तळघरांत हवेतील ओल काढून घेणारे एक यंत्र घरघरत असते. डिह्युमिडिफायर या नावाने विकले जाणारे हे यंत्र तेथील घराचा इतका नित्याचा भाग झाले आहे की ते पूर्वापार तेथेच असावे, असा समज सहज होतो. वास्तविक घरगुती वापराचे यंत्र म्हणून त्याचे वय दुसऱ्या महायुद्धापलीकडे फारसे जात नाही. तळघरातील ओल मात्र तळघराइतकीच जुनी आहे, आणि शतकभराहून अधिक काळ ती कोणाला फारशी खुपत नव्हती, उलट काही कामांसाठी हवीच होती. ओल होती तशीच राहिली आणि तळघराकडून माणसाच्या अपेक्षा तेवढ्या बदलत गेल्या, असे या यंत्राच्या पूर्वेतिहासाचे सार काढता येते. या यंत्राच्या निवडीत आजही जे गोंधळ होतात, त्यांतील बहुतेकांचे मूळ या बदलात सापडते.

त्या प्रदेशात घराखाली तळघर का असते, याचे उत्तर हौसेत नसून थंडीत आहे. हिवाळ्यात तेथील जमीन वरून खाली गोठत जाते, जमिनीतील पाण्याचे बर्फ होताना ते फुगते, आणि या फुगवट्याने उथळ पाया वर उचलला जाऊन भिंतींना तडे जातात. म्हणून पाया हिमरेषेखाली, म्हणजे जमीन ज्या खोलीपर्यंत गोठते तिच्याही खाली, न्यावा लागतो. शिकागोसारख्या शहरात ही खोली साडेतीन फूट धरली जाते. पायासाठी एवढे खणायचेच असेल, तर आणखी तीनचार फूट खणून घराच्या आकाराची आख्खी एक खोली पदरात पाडून घेणे, हा सरळ व्यवहाराचा हिशेब होता. महाराष्ट्रात आणि गोव्यात जमीन गोठत नाही. तेथील पावसाळी मुलखात घरबांधणीची परंपरा नेमकी उलट दिशेने गेली आणि घर उंच जोत्यावर चढवून ओलीपासून दूर ठेवले गेले. त्यामुळे तळघराची ओल हा प्रश्न मूळचा उत्तरेकडील थंड देशांचा आहे.

सुरुवातीच्या तळघरांच्या भिंती डबराच्या, म्हणजे ओबडधोबड दगडांच्या, असत आणि सांध्यांत चुन्याचा मसाला भरलेला असे, तर खाली बहुधा मातीचीच जमीन असे. या जागेचे मुख्य काम धान्य नव्हे, तर कंदमुळे आणि फळे साठवणे हे होते. बटाटे, गाजरे, बीट, कोबी आणि सफरचंदे हिवाळाभर टिकवायची असतील, तर तापमान गोठणबिंदूच्या थोडे वर लागते आणि हवा जवळजवळ पूर्ण ओली लागते, कारण कोरड्या हवेत गाजर आठवड्याभरात सुरकुतून जाते. सापेक्ष आर्द्रता म्हणजे त्या तापमानाला हवेत जेवढे बाष्प मावू शकते त्याच्या किती टक्के बाष्प तिच्यात प्रत्यक्ष आहे ते प्रमाण. भाजीपाल्याच्या तळघरात हे प्रमाण नव्वद टक्क्यांच्या आसपास असणे उत्तम मानले जाते. काही घरांत गाजरे ओल्या वाळूत पुरून ठेवीत आणि हवा फार कोरडी वाटली, तर मातीच्या जमिनीवर पाणी शिंपडीत. अशा जागेतील ओल काढून टाकण्याचा विचार कोणाच्या मनात आला नाही, यात नवल नाही.

एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात तळघरात दुसरा रहिवासी आला, तो म्हणजे कोळशाची भट्टी. तापलेली हवा आपोआप वर चढते, या एकाच तत्त्वावर चालणाऱ्या या भट्ट्या घराच्या सर्वांत खालच्या पातळीवर बसवाव्या लागत, आणि त्यांच्या माथ्यावरून निघणारे पत्र्याचे जाड नळ वरच्या खोल्यांपर्यंत जात. भिंतीतील लोखंडी झडपेतून कोळसा थेट तळघरातील कोठारात ओतला जाई, घरातील कर्ता पुरुष पहाटे उठून राख काढी आणि भट्टीत कोळसा घाली. तळघराचा मोठा भाग या व्यवस्थेने व्यापला, पण तिचा एक परिणाम त्या काळी कोणी हिशेबात धरला नाही. भट्टीला जळण्यासाठी लागणारी हवा ती तळघरातूनच ओढून धुराड्यावाटे बाहेर टाकी. तिची जागा घेण्यास फटींतून हिवाळ्याची थंड, म्हणून अत्यल्प बाष्पाची, हवा आत येई, आणि नळांना पुरेसे वेष्टन नसल्याने भिंतीही उबदार राहत. उन्हाळ्यात मोठी भट्टी बंद असली, तरी अनेक घरांत अंघोळीच्या पाण्यासाठी आपल्याकडील बंबासारखी एक छोटी कोळशाची शेगडी रोज पेटत असे. थोडक्यात, तळघर ओले असले तरी त्याला बारमाही शेक मिळत होता.

तळघरातील ओलीबद्दल पहिली मोठी ओरड झाली ती मध्यमवर्गीय घरांतून नव्हे, तर शहरांतील गरिबांच्या वस्त्यांतून. एकोणिसाव्या शतकाच्या मध्यास न्यूयॉर्कमध्ये नव्याने आलेली आयरिश आणि जर्मन कुटुंबे भाड्याच्या तळघरांत राहत असत. तेथील भिंती पाझरत, भरतीच्या वेळी काही ठिकाणी जमिनीतून पाणी वर येई, आणि कुजणाऱ्या पदार्थांतून निघणारी दूषित हवाच तापाचे मूळ आहे, या तेव्हाच्या वैद्यकीय मतानुसार डॉक्टर त्या ओलीलाच रोगाचे कारण ठरवीत. १८६७ च्या भाडेकरू घरांविषयीच्या कायद्याने परवानगीशिवाय तळघर राहण्यासाठी देण्यास मनाई केली. रोगाविषयीचे ते मत पुढे जंतुशास्त्राने मोडीत काढले. परंतु ओल्या घरात माणूस आजारी पडतो, हे त्यातील निरीक्षण चुकीचे नव्हते, आणि त्याला शास्त्रीय आधार मिळायला आणखी शंभर वर्षे लागली.

त्या काळातील उपाय साधे होते. भिंतींना चुन्याची सफेदी देत आणि कोपऱ्यांत कळीच्या चुन्याची घमेली ठेवीत. कळीचा चुना, म्हणजे भाजलेला पण न विझवलेला चुना, हवेतील बाष्प ओढून घेतो हे खरे. परंतु रसायनशास्त्राच्या हिशेबाने एक किलो शुद्ध चुना पूर्णपणे विझायला सुमारे ३२० ग्रॅम पाणी पुरते, त्यापलीकडे त्याचे काम संपते. दमट हवामानात एखाद्या तळघरातून दिवसाला दहा लिटर पाणी काढायचे म्हटले, तर रोज तीस किलोंहून अधिक ताजा चुना आणावा लागेल. पुढे त्याची जागा कॅल्शियम क्लोराइडच्या पिशव्यांनी घेतली. हा क्षार स्वतःच्या वजनाहून अधिक पाणी ओढून त्यातच विरघळतो. त्याच्या पिशव्या खाली भांडे ठेवून टांगलेल्या स्वरूपात आजही विकल्या जातात, आणि कपाटापुरत्या त्या उपयोगी असल्या तरी आख्ख्या तळघराला त्यांचा काडीचा उपयोग नाही.

ओल नेमकी येते कोठून, याचे उत्तर शास्त्राने बरेच आधी शोधून ठेवले होते. जिनिव्हाच्या सोस्यूरने १७८३ साली प्रसिद्ध केलेल्या ग्रंथात माणसाच्या केसाच्या लांबीत होणाऱ्या बदलावरून आर्द्रता मोजण्याचे उपकरण वर्णिले. इंग्लंडमध्ये जॉन डाल्टनने शतकाच्या वळणावर बाष्पाच्या दाबाचे नियम मांडले. आणि चार्ल्सटन येथे जन्मलेल्या पण लंडनमध्ये वैद्यकी करणाऱ्या विल्यम चार्ल्स वेल्सने १८१४ साली दवावरील आपल्या निबंधात दाखवून दिले की दव आकाशातून पडत नाही, तर रात्री थंड झालेल्या पृष्ठभागावर आसपासच्या हवेतील बाष्प साचून ते तयार होते. ज्या तापमानाला हवेतील बाष्पाचे असे पाणी होऊ लागते त्याला दवबिंदू म्हणतात, आणि १८२० साली डॅनियलने तो मोजण्याचे सुटसुटीत साधनही बनवले.

हे ज्ञान तळघराला लावले, तर चित्र स्पष्ट होते. जुलैमधील एखाद्या दुपारी बाहेर तीस अंश सेल्सिअस तापमान आणि साठ टक्के सापेक्ष आर्द्रता असेल, तर प्रत्येक घनमीटर हवेत सुमारे अठरा ग्रॅम बाष्प असते आणि तिचा दवबिंदू एकवीस अंशांच्या थोडा वर असतो. तळघराची जमिनीला टेकलेली भिंत त्या वेळी सतरा अंशांवर असेल, तर तिच्यालगतच्या हवेत साडेचौदा ग्रॅमच्या वर बाष्प मावू शकत नाही, आणि उरलेले भिंतीवर पाणी होऊन बसते. म्हणजे उन्हाळ्यात भिंत ओली दिसली की खिडक्या सताड उघडून हवा खेळती ठेवावी, हा पिढ्यान्‌पिढ्यांचा उपाय तळघर कोरडे करण्याऐवजी त्यात पाणी भरत होता. तरीही हा सल्ला विसाव्या शतकातही गृहोपयोगी पुस्तकांतून दिला जात राहिला. शास्त्र आणि घरकाम यांच्यात केवढे अंतर राहू शकते, याचे हे बोलके उदाहरण म्हणता येईल.

हवेतील ओल यंत्राने काढण्याची निकड आधी कारखान्यांना भासली. ब्रुकलिनमधील सॅकेट अँड विल्हेल्म्स हा शिळाछापखाना ‘जज’ या विनोदी साप्ताहिकासारखी रंगीत छपाई करीत असे. रंगीत चित्राचा कागद प्रत्येक रंगासाठी स्वतंत्रपणे यंत्रातून काढावा लागतो, आणि दोन रंगांच्या मधल्या काळात हवा दमट झाली की कागद ओल पिऊन किंचित फुगतो, त्यामुळे दुसरा रंग पहिल्यावर नेमका बसत नाही. उन्हाळ्यात गठ्ठेच्या गठ्ठे वाया जात. हे काम बफेलो फोर्ज कंपनीकडे आले आणि तिने ते विलिस कॅरियर या पंचविशीतील अभियंत्यावर सोपवले, जो आदल्याच वर्षी कॉर्नेल विद्यापीठातून बाहेर पडला होता. १७ जुलै १९०२ ही तारीख असलेल्या त्याच्या आराखड्यात पंख्याने ढकललेली हवा थंड पाणी खेळवलेल्या नळ्यांवरून नेण्याची योजना होती. हवा दवबिंदूखाली उतरली की तिच्यातील जादा बाष्प नळ्यांवर साचून निथळून जाईल आणि छापखान्यात वर्षभर पंचावन्न टक्के आर्द्रता राखता येईल, हा त्यामागील विचार. वातानुकूलनाचा जन्म याच आराखड्यातून झाला असे सर्वत्र सांगितले जाते. पण त्याचा हेतू माणसांना गारवा देणे हा नव्हता, कागद कोरडा ठेवणे हा होता, ही गोष्ट त्या सांगण्यात बहुधा मागे पडते.

कॅरियरची यापुढची कल्पना अधिक धाडसी होती. त्याच वर्षाच्या अखेरीस पिट्सबर्गच्या रेल्वे फलाटावर धुक्यात उभा असताना त्याच्या ध्यानात आले, असे सांगतात, की धुके म्हणजे बाष्पाने पूर्ण भरलेली हवा असली, तरी ती थंड असल्याने तिच्यात एकूण बाष्प फार थोडे असते. म्हणजे हवेवर थंड पाण्याचा बारीक फवारा मारून तिला मुद्दाम पूर्ण भिजवले आणि फवाऱ्याच्या पाण्याचे तापमान हवे तसे राखले, तर त्या तापमानाला मावेल तेवढेच बाष्प तिच्यात उरेल, जादा बाष्प फवाऱ्याच्या थेंबांवरच साचून जाईल, आणि ती हवा पुन्हा ऊबदार केली की कोरडी भासेल. पाणी शिंपडून हवा कोरडी करणारे हे यंत्र ऐकणाऱ्यांना विसंगत वाटले, तरी २ जानेवारी १९०६ रोजी त्याला त्याचे पेटंट मिळाले. पुढे १९११ साली त्याने यांत्रिक अभियंत्यांच्या अमेरिकन संस्थेपुढे तापमान, आर्द्रता आणि दवबिंदू यांचे परस्परसंबंध सूत्रांत बांधून दाखवले. त्यावर आधारलेला तक्ता या व्यवसायातील अभियंते आजही वापरतात.

पोलादाच्या धंद्यातही हाच शोध समांतर चालला होता. जेम्स गेली याने १९०४ साली पिट्सबर्गजवळील एटना येथील झोतभट्टीत जाणारी हवा आधी गोठवणाऱ्या नळ्यांवरून नेऊन कोरडी केली, कारण दमट हवेतील पाणी फोडण्यात कोकची उष्णता वाया जाते आणि पावसाळी दिवशी भट्टीचे गणित बिघडते; या प्रयोगाने कोकची मोठी बचत झाली. दुसऱ्या वाटेने जॉन्स हॉपकिन्स विद्यापीठाच्या वॉल्टर पॅट्रिकने १९१९ साली सिलिका जेलचे पेटंट घेतले. हे सच्छिद्र काचेसारखे खडे आपल्या अंतर्भागातील असंख्य छिद्रांत बाष्प धरून ठेवतात आणि तापवले की पुन्हा कोरडे होतात. १९४५ नंतर अमेरिकन नौदलाला शेकडो युद्धनौका राखीव म्हणून नांगरून ठेवायच्या होत्या. तेव्हा नौका हवाबंद करून आतील हवा अशा शोषक द्रव्यांवरून फिरवण्यात आली आणि आर्द्रता चाळीस टक्क्यांखाली राखण्यात आली, कारण त्याखाली लोखंड जवळजवळ गंजत नाही. ओल काढण्याचे तंत्र युद्धाअखेरीस असे पूर्ण सिद्ध होते. तळघरापर्यंत ते पोहोचण्यासाठी फक्त तळघराला त्याची गरज भासण्याचा अवकाश होता.

ही गरज कोळशाच्या जाण्याने निर्माण झाली. १९४० च्या जनगणनेत अमेरिकेतील निम्म्याहून अधिक घरे कोळशावर तापत होती. १९७० पर्यंत हे प्रमाण तीन टक्क्यांच्या आसपास उतरले. तेल आणि नैसर्गिक वायूवर चालणारी नवी भट्टी आकाराने लहान, वेष्टनाने बंदिस्त आणि कमी हवा ओढणारी होती, आणि पाणी तापवण्याची शेगडी जाऊन तिच्या जागी वेष्टित टाकी आली. कोळशाचे कोठार रिकामे झाले. राखेचा आणि काजळीचा त्रास संपल्यावर मोकळ्या झालेल्या जागेला लाकडी पट्ट्यांचे अस्तर, छताला तक्ते आणि जमिनीवर लिनोलियम किंवा गालिचा घालून तिची करमणुकीची खोली केली गेली. तेथे टेबल टेनिसचे टेबल आले, दूरचित्रवाणी संच आला, कपडे धुण्याचे यंत्र आले. म्हणजे ज्या वर्षांत तळघराचा शेक गेला, त्याच वर्षांत ओलीने सर्वांत लवकर बिघडणाऱ्या वस्तू तेथे येऊन बसल्या. बांधकामही बदलले होते. हार्मन पामरने १९०० साली पेटंट घेतलेल्या यंत्रामुळे काँक्रीटचे पोकळ ठोकळे स्वस्त झाले आणि तळघराच्या भिंती त्यांच्याच बांधल्या जाऊ लागल्या. सच्छिद्र असल्याने हे ठोकळे मातीतील ओल सहज ओढतात आणि त्यांच्यावर लोणा, म्हणजे पाण्याबरोबर आलेल्या क्षारांचा पांढरा थर, फुटतो. त्यावर लाकडी अस्तर चढवले की ओल दिसेनाशी होई आणि कुबट वास तेवढा उरे. प्रशीतक, म्हणजे फ्रिज, बनवणाऱ्या कंपन्यांनी युद्धोत्तर दशकात घरगुती आर्द्रताहरण यंत्रे बाजारात आणली, ती या गिऱ्हाइकासाठी.

मराठी माणसाचा या तळघराशी संबंध आला तो आणखी एका पिढीनंतर. १९६५ च्या स्थलांतर कायद्याने आशियातील डॉक्टर, अभियंते आणि संशोधक यांना अमेरिकेची दारे उघडली. न्यू जर्सी, मिशिगन, इलिनॉय येथे घरे घेतलेल्या मराठी कुटुंबांनी ‘बेसमेंट’ या शब्दासकट ती खोली आपलीशी केली. शिकागोत १९८१ साली स्थापन झालेल्या बृहन्महाराष्ट्र मंडळाच्या अधिवेशनांसाठी बसवलेल्या कितीतरी नाटकांच्या आणि गाण्यांच्या तालमी अशाच तळघरांत झाल्या. भारतातून आणलेल्या पुस्तकांच्या पेट्या, हार्मोनियम आणि तबलाडग्गा यांची जागाही तेथेच असे. दमट हवेत तबल्याची पुडी सैल पडून सूर उतरतो, पुस्तके सादळून पाने चिकटतात, आणि पेटीच्या भात्याला बुरशी धरते. पावसाळ्यात हे सारे कसे सांभाळायचे हे ठाऊक असलेल्या माणसांनाही तळघरातील उन्हाळ्याची ओल अनोळखी होती, कारण ती पाऊस नसतानाही येत होती.

यंत्राची रचना समजून घेतल्याशिवाय त्याच्या निवडीतील अडचण ध्यानात येत नाही. घरगुती यंत्र म्हणजे मुळात एक उघडा फ्रिजच असतो: काँप्रेसरने दाबलेला वायू एका वेटोळ्यात उष्णता सोडून द्रव होतो आणि दुसऱ्या वेटोळ्यात बाष्पीभवन पावताना ते थंडगार करतो. पंखा खोलीतील हवा प्रथम थंड वेटोळ्यावरून नेतो, तेथे बाष्पाचे थेंब होऊन खालच्या बादलीत ठिबकतात, आणि मग तीच हवा गरम वेटोळ्यावरून फिरून खोलीत परत येते. त्यामुळे हे यंत्र खोली थंड करीत नाही, तापवते. एक लिटर बाष्पाचे पाणी होताना सुमारे ०.६८ युनिट विजेइतकी उष्णता मोकळी होते आणि यंत्राने खाल्लेली सारी वीजही शेवटी उष्णताच होऊन तेथे उरते. कोळशाच्या शेगडीने जो शेक पूर्वी फुकट मिळत होता, त्यातील थोडा भाग अशा रीतीने विजेचे बिल भरून परत मिळू लागला. परंतु खोली गार असेल, तर थंड वेटोळ्याचे तापमान गोठणबिंदूखाली जाते, थेंबांऐवजी त्यावर बर्फाचे कवच चढते आणि हवेचा मार्गच बंद होतो. साध्या यंत्रांना अठरा अंशांच्या खाली ही व्याधी जडू लागते. बर्फ वितळेपर्यंत काँप्रेसर थांबवून ठेवणारी सोय नंतरच्या यंत्रांत आली. अधिक थंड जागांसाठी शोषक द्रव्य लावलेली फिरती चकती वापरणारी यंत्रे वेगळी बनू लागली, ज्यांचा पाया स्वीडनच्या कार्ल मुंटर्सने घातला. ती बर्फाने अडत नाहीत, पण चकती सुकवण्यासाठी वीज अधिक घेतात, आणि अमेरिकेपेक्षा ब्रिटन-युरोपातील न तापवलेल्या खोल्यांत त्यांचा प्रसार जास्त झाला.

यंत्र सुलभ झाल्यावर एक जुनाच घोळ नव्याने सुरू झाला. तळघरात दोन वेगळ्या वाटांनी पाणी येते: एक हवेतून, बाष्पाच्या रूपाने, आणि दुसरे जमिनीतून, भिंतीतून झिरपून किंवा जमिनीखालून वर चढून. यंत्र पहिल्यासाठी आहे. दुसऱ्यासाठीचा उपाय शेतीतून आला. न्यूयॉर्क राज्यातील जिनिव्हाजवळ शेती करणाऱ्या जॉन जॉन्स्टन या स्कॉटिश माणसाने १८३० च्या दशकात पाणथळ शेतात मातीचे भाजलेले नळ पुरून पाण्याचा निचरा केला, आणि तीच पद्धत पुढे घराच्या पायाभोवती नळ पुरण्यासाठी वापरली गेली. त्यांत जमलेले पाणी तळघराच्या कोपऱ्यातील खड्ड्यात येते आणि तेथून पंपाने बाहेर टाकले जाते. छपराच्या पन्हळीचे पाणी पायाशी न सोडता चार हात दूर नेणे आणि अंगणाचा उतार घरापासून बाहेर ठेवणे, हे त्याहून स्वस्त आणि बहुधा अधिक गुणकारी उपाय होत. कोणत्या वाटेने पाणी येते हे ओळखण्याची कारागिरांची रीत सोपी आहे. प्लास्टिकचा एक तुकडा भिंतीवर चारही कडांनी चिकटपट्टीने पक्का लावून दोनएक दिवस तसाच ठेवतात. ओल त्याच्या खोलीकडील बाजूवर दिसली तर ती हवेची, आणि भिंतीकडील बाजूवर दिसली तर ती जमिनीची. जमिनीतून पाझरणाऱ्या पाण्यासाठी मोठ्यात मोठे यंत्र आणणे म्हणजे नळ चालू ठेवून फरशी पुसत बसणे होय. तरीही विक्रेत्यांच्या जाहिरातींत हा भेद क्वचितच केलेला आढळतो.

ओलीचा आणि आजाराचा संबंध याच काळात पुन्हा चर्चेत आला. नेदरलँड्समधील लायडन येथे फोरहोर्स्ट, स्पीक्समा आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी १९६० च्या दशकात दाखवले की घरातील धुळीची अॅलर्जी ही मुख्यतः त्या धुळीत राहणाऱ्या डोळ्यांना न दिसणाऱ्या किड्यांमुळे होते, आणि हे किडे ओल्या घरांत फोफावतात, कारण ते पाणी पीत नाहीत, हवेतूनच ओढून घेतात. १९९० च्या दशकात क्लीव्हलंड येथे काही तान्ह्या मुलांच्या फुप्फुसांत रक्तस्राव झाल्यावर पाणी शिरलेल्या घरांतील काळ्या बुरशीवर बोट ठेवले गेले आणि देशभर घबराट पसरली. २००० साली अमेरिकेच्या रोगनियंत्रण केंद्रांनी तो संबंध सिद्ध होत नसल्याचे जाहीर केले, पण तोवर बुरशी काढण्याचा एक नवा धंदा उभा राहिला होता. याउलट २००४ साली वैद्यकशास्त्र संस्थेच्या समितीने सर्व अभ्यास तपासून ओलसर घरे आणि खोकला, घरघर, दम्याचे त्रास यांच्यात संबंध असल्याचा शांत निष्कर्ष काढला, त्याला मात्र त्या घबराटीच्या मानाने फार थोडी प्रसिद्धी मिळाली. पर्यावरण संरक्षण संस्था घरातील आर्द्रता साठ टक्क्यांच्या खाली, शक्यतो तीस ते पन्नास टक्क्यांत, ठेवण्यास सांगते.

यंत्राची क्षमता चोवीस तासांत किती पिंट पाणी निघते यावरून सांगितली जाते. अमेरिकन पिंट म्हणजे सुमारे ४७३ मिलिलिटर. मात्र ही क्षमता दीर्घकाळ ८० अंश फॅरनहाइट, म्हणजे २६.७ अंश सेल्सिअस, तापमानाच्या आणि साठ टक्के आर्द्रतेच्या खोलीत मोजली जात असे. अशा हवेच्या घनमीटरमध्ये सुमारे १५ ग्रॅम बाष्प असते. तळघरात प्रत्यक्ष आढळणाऱ्या ६५ अंश फॅरनहाइटला, म्हणजे १८.३ अंश सेल्सिअसला, तेवढ्याच टक्के आर्द्रतेत ते साडेनऊ ग्रॅमही भरत नाही. त्यामुळे खोक्यावर सत्तर पिंट छापलेले यंत्र घरी नेऊन चालवले की बादली त्या हिशेबाने कधीच भरत नसे, आणि यंत्र बिघडले आहे असे समजून लोक ते परत करीत. ऊर्जा खात्याने १३ जून २०१९ पासून सुटी घरगुती यंत्रे ६५ अंशांना मोजण्याचा नियम लागू केला, तेव्हा काल सत्तर पिंटांचे असलेले यंत्र एका दिवसात पन्नास पिंटांचे झाले, पन्नासचे पस्तीसच्या आसपास आले आणि तिसाचे वीसबावीसवर. आतील काँप्रेसर आणि वेटोळी तीच होती. काही काळ दुकानांत जुन्या आणि नव्या आकड्यांची खोकी शेजारी शेजारी उभी होती, आणि मोठा आकडा पाहून जुने यंत्र उचलणाऱ्याला आपण अधिक क्षमता घेतली असे वाटत असे. छपाईच्या कागदासाठी आर्द्रतेचा बारीक विचार करणाऱ्या या तंत्राला ज्या जागेत काम करायचे तिचे तापमान मोजमापात धरायला युद्धानंतर सत्तर वर्षे लागली, हे त्याच्या कीर्तीला फारसे शोभणारे नव्हे.

आकड्यांहून वापरणाऱ्याला अधिक जाचते ती बादली. दमट आठवड्यात ती दिवसातून एकदा तरी भरते, भरली की तरंगत्या खटक्याने यंत्र आपोआप थांबते, आणि कुटुंब पंधरा दिवस गावाला गेले, तर पहिल्याच दिवसानंतर तळघर पुन्हा ओलीच्या स्वाधीन होते. म्हणून बादलीच्या मागील तोटीला बागेतील नळी जोडून पाणी उताराने मोरीत किंवा पंपाच्या खड्ड्यात सोडतात. मोरी यंत्रापेक्षा उंचावर किंवा दूर असेल, तेथे पाणी वर चढवणारा छोटा पंप असलेली यंत्रे थोडी जास्त किंमत देऊन घेतली जातात.